प्रति: बुस्केट्स हळू होता

बार्सिलोना आणि स्पेनचा बचावात्मक मिडफिल्डर सर्जिओ बुस्केट्स हळू होता, शेजारी खेळणाऱ्या झावी-इनिएस्टा या मिडफिल्डरांमुळे त्याचं निभावलं, हे वर कुणीतरी लिहिलंय ते पटलं नाही. हळू होता, मान्य. पण पळायची वेळच येऊ नये, असा तो आधीच उभा असायचा. पास येण्यापूर्वी दोनदा मागे वळून बघणार, मग एका स्पर्शात चेंडू पुढे!

२००७-०८ मध्ये प्रशिक्षक गार्डिओलाच्या हाताखाली बार्सिलोना 'ब' संघात, स्पेनच्या चौथ्या श्रेणीत. २००९ मध्ये थेट चॅम्पियन्स लीगची (युरोपातल्या क्लबांची सर्वात मोठी स्पर्धा) फायनल, २०१० मध्ये स्पेनकडून विश्वचषक. झावी बार्सिलोना सोडून २०१५ मध्ये गेला, इनिएस्टा २०१८ मध्ये. बार्सिलोनानं २०२३ ची ला लीगा (स्पेनची अव्वल लीग) जिंकली तेव्हा कर्णधार हाच होता. तेव्हा कोण सांभाळत होतं त्याला? (फाउल मिळावा म्हणून नाटकी पडायचा मात्र, ते खरंय.)