न रडणारं बाळ: वचनाची भूकच लागत नसेल तर काय करायचं?

रात्रपाळी_पुणे

जय ख्रिस्त. प्रश्न लांबलाय, आधीच माफी मागते.

मी नर्स आहे, नवजात बाळांच्या कक्षात. माहेर नगरचं. संध्याकाळची कुटुंबप्रार्थना झाल्याशिवाय ताट वाढायचं नाही असा आमच्या दादांचा खाक्या होता, त्यामुळे बायबल मला नवं नाही. उलट तीच अडचण आहे की काय, कोण जाणे.

1 जानेवारीला मोबाइलवर वर्षभरात पूर्ण बायबल वाचायची योजना सुरू केली. 1189 अध्याय, म्हणजे रोज साधारण सव्वातीन. आज 140 दिवस झाले, एकही खाडा नाही. ॲपवर रोज हिरवी खूण. पण खरं सांगू? मी ती खूणच वाचते. रात्री पावणेबाराला आठवतं, मग ड्युटीवरच दोन बाळांच्या मध्ये अंगठ्याने पान खाली सरकवत नेते. सध्या ईयोबाचं पुस्तक चालू आहे. त्याचे मित्र बोलतायत, बोलतायत, आणि मी बारा वाजायच्या आत त्यांना गप्प करायच्या घाईत. काल काय वाचलं विचाराल तर सांगता येणार नाही.

गेल्या रविवारी पाळकसाहेबांनी पेत्राच्या पहिल्या पत्रातला दुसरा अध्याय घेतला. नुकत्याच जन्मलेल्या बाळांसारखी दुधाची इच्छा धरा, म्हणजे तुमची वाढ होईल. ते म्हणाले, बाळाला कुणी शिकवावं लागतं का? भूक लागली की ते रडतंच. सगळी मंडळी हसली, माना डोलावल्या. मी नाही डोलावली. कारण आमच्या कक्षात सगळी बाळं रडत नाहीत. रडणाऱ्याची आम्हाला काळजी नसते. कमी वजनाचं, कावीळ चढलेलं बाळ झोपून राहतं. आई म्हणते, किती शहाणं आहे हो, त्रासच देत नाही. आणि आमच्या पोटात गोळा येतो.

मला वाटतं मी ते बाळ झालेय. 140 दिवस शहाण्यासारखी, अजिबात न रडता.

विश्वास गेलेला नाही. प्रार्थना होते, उपासनेला जाते. फक्त वचनाची, म्हणजे बायबलची, ओढ नाही. आता इच्छा धरा म्हटल्यावर इच्छा धरता येते का? ती काय हुकमाने येते?

टेम्पोवाला_जालना

ताई, राग मानू नका, पण सरळ बोलतो. इच्छा, ओढ, हे शिकल्या-सवरल्या माणसांचे लाड आहेत. मी दारू सोडली तेव्हा मला बायबल वाचायची इच्छा होती का? नव्हती. दारूची होती. एका भावाने सांगितलं, नीतिसूत्रे 31 अध्याय आहेत, आज जी तारीख असेल तो अध्याय वाच, समजो न समजो. सहा वर्षं झाली, टेम्पो चालू करण्याआधी तारखेचा अध्याय वाचतो. 23 तारीख आली की आजही अंगावर काटा येतो, कारण त्या अध्यायाच्या शेवटी दारुड्याचं जे वर्णन आहे ते कुणीतरी माझ्या घरात बसून लिहिल्यासारखं आहे.

तुम्ही खाडा न करता वाचताय, ते सोडू नका. एवढंच सांगतो.

श्रीरामपूरचे_मास्तर

टेम्पोवाले दादांचं पटतं, आणि नाहीही. त्यांच्याच बोलण्यात बघा: 31 अध्यायांतला 23वा त्यांना लागला, कारण तो त्यांच्या घरात शिरला. बाकीचे तीस त्या एकाच्या आधाराने चाललेत. (दादा, चुकत असेन तर कान धरा.)

बाई, तुमच्या वचनाविषयी दोन गोष्टी. मी तरुणपणी पाळक व्हायला निघालो होतो, दोन वर्षांत परत आलो आणि शाळेत मराठी शिकवायला लागलो. ग्रीक तेवढं थोडं अंगाला चिकटून राहिलं.

पेत्र दुसऱ्या वचनात दूध म्हणतो, पण साधं दूध म्हणत नाही. आपल्या मराठी बायबलात निरं दूध आहे. निरं म्हणजे पाणी न घातलेलं. आमच्याकडे पहाटे डेअरीवर कॅन लागतात, लॅक्टोमीटर बुडवला की कुणी विहिरीची मदत घेतली ते लगेच कळतं. ग्रीकमध्ये तिथे ‘आदोलोस’ असा शब्द आहे, भेसळ नसलेलं, कपट नसलेलं. आणि त्याच्या आदल्याच वचनात जे टाकून द्या म्हणून यादी दिली आहे, दुष्टपणा, कपट, ढोंग, हेवा, निंदा, त्यातलं कपट म्हणजे ‘दोलोस’. दोलोस टाका, आदोलोस प्या. पेत्राने मुद्दाम शब्दावर शब्द ठेवलाय. माझ्या अनुभवात वचनाची भूक मरते तेव्हा पुष्कळदा आदल्या वचनातलं काहीतरी पोटात असतं. मी सेवानिवृत्त झालो त्या वर्षी मंडळीच्या हिशेबावरून एका माणसाशी माझं बिनसलं. तब्बल आठ महिने मला स्तोत्रसंहिता भुशासारखी लागली. दोष स्तोत्रांचा नव्हता. तुमचं तसंच असेल असं मी म्हणत नाही, थकवाही असू शकतो. रात्रपाळी काय असते ते मला ठाऊक नाही.

दुसरी गोष्ट. तिसरं वचन लोक वाचतच नाहीत. प्रभू किती चांगला आहे याची चव तुम्ही घेतली असेल तर, असं तिथे आहे. 34व्या स्तोत्रातले शब्द आहेत ते. म्हणजे आधी चव, मग इच्छा. हुकूम आहे खरा, पण ज्याने एकदा जेवलेलं आहे त्याला दिलेला.

आता माझ्या आजीविषयी, कारण तिच्याशिवाय माझं उत्तर पुरं होत नाही. ती अनाथ, केडगावला मुक्ती मिशनमध्ये वाढली. पंडिता रमाबाई संस्कृताच्या पंडित, पण बायबलचं भाषांतर करायला बसल्या तेव्हा हिब्रू आणि ग्रीक शिकल्या आणि मराठी मात्र साधी धरली, खेड्यातल्या बाईला कळेल अशी. मुक्तीतल्या बायकाच छापखान्यात खिळे जुळवायच्या. काम पुरं होत आलं आणि 5 एप्रिल 1922 ला रमाबाई गेल्या. आजी त्या मराठीवर वाढलेली. ती कधी चार अध्याय वाचताना मला दिसली नाही. एक ओळ घ्यायची आणि जात्यावर बसायची. पायली दळून होईपर्यंत तीच ओळ ओठांत. आम्हा पोरांना वाटायचं म्हातारी पुटपुटते.

पुढे पहिल्या स्तोत्रात रात्रंदिवस मनन करणाऱ्या माणसाविषयी शिकताना कळलं, की तिथला हिब्रू शब्द ‘हागा’ म्हणजे मुळात पुटपुटणं, गुरगुरणं. यशयाच्या 31व्या अध्यायात सिंह शिकारीवर बसून गुरगुरतो तिथेही हाच शब्द. तेव्हा मला जातं आठवलं.

आता तुम्हालाच एक विचारतो, बाई. ते न रडणारं बाळ. त्याला तुम्ही काय करता?

वसईची_मावशी

आम्ही कॅथलिक, आमच्याकडे आधी घरात बायबल कुठे होतं? जपमाळ होती. वाचायची सवय मला पन्नाशीनंतर लागली, म्हणून भीत भीत लिहिते.

रविवारच्या मिस्साची वाचनं आमच्याकडे ठरलेली असतात, तीन वर्षांचं चक्र. मी सोमवारीच येत्या रविवारचं शुभवर्तमान काढते आणि आठवडाभर तेवढंच. पंधरा-वीस ओळी. बाराव्या शतकात गिगो नावाचा एक मठवासी होऊन गेला, त्याने शिडीच्या चार पायऱ्या सांगितल्या आहेत. वाचन म्हणजे घास तोंडात घेणं, मनन म्हणजे चावणं, प्रार्थनेत त्याची चव उतरते, आणि शेवटी नुसता गोडवा उरतो. आमच्या फादरांनी हे सांगितलं तेव्हा मी म्हटलं, फादर, मी तर आयुष्यभर न चावता गिळलं.

पोरी, सव्वातीन अध्याय म्हणजे लग्नाची पंगत झाली. रोज पंगतीत जेवून भूक कशी राहील?

रात्रपाळी_पुणे

मास्तर, तुमचा प्रश्न वाचून मी चहा तसाच ठेवला.

न रडणाऱ्या बाळाची आम्ही वाट बघत नाही. दर दोन तासांनी उठवतो, घड्याळ लावून. दुपटं सोडतो, कारण उबेत ते आणखी झोपतं. तळव्याला टिचकी मारतो. ओढायची ताकद नसते म्हणून आईचं दूध काढून वाटी-चमच्याने पाजतो. जुन्या बायका घरून बोंडलं आणायच्या. आणि थोडं. पहिल्या दिवशी बाळाच्या पोटात चमचाभर मावतं, जास्त घातलं की उलटून येतं. तो पहिला चिकाचा थेंबभर घोट दिसायला काहीच नसतो, पण त्याच्यासारखं दुसरं काही नाही. आणि आईच्या उघड्या छातीवर ठेवतो, कातडीला कातडी लावून. तिथे त्याला वास लागतो आणि ते आपोआप तोंड फिरवून शोधायला लागतं. भूक पाजल्यानेच परत येते. तिसऱ्या-चौथ्या दिवशी ते पहिल्यांदा दुधासाठी रडतं तेव्हा आम्ही नर्सा एकमेकींकडे बघून हसतो.

हे सगळं मी रोज करते आणि स्वतःला मात्र घागरभर पाजत होते. तेही एकटीला, अंधारात, मोबाइलच्या उजेडात.

म्हणजे टेम्पोवाले दादांचं घड्याळही बरोबर आणि मावशींचा घासही. छातीशी कोण धरणार ते मात्र कळत नाही. घरात मी, नवरा (तो फिरतीवर) आणि सासूबाई. सासूबाईंना मोतीबिंदू आहे, एका डोळ्याचं ऑपरेशन झालं, दुसऱ्याचं व्हायचंय.

टेम्पोवाला_जालना

ताई, उत्तर तुमच्याच शेवटच्या ओळीत आहे.

रात्रपाळी_पुणे

तीन आठवड्यांनी येतेय.

ॲपवरची साखळी तुटली. कधी तुटली ते मला दोन दिवसांनी कळलं, आणि वाईट वाटायचं राहूनच गेलं.

सासूबाईंना विचारलं, काय वाचू? म्हणाल्या, रूथ वाच, बारीक आहे. चारच अध्याय. मी मार्चमध्ये योजनेत रूथ वाचलं होतं, दोन दिवसांत संपवलं होतं. काही म्हणजे काही आठवत नव्हतं.

रात्रपाळीला निघण्याआधी अर्धा तास, ओट्याशी. मी वाचते, त्या भाजी निवडतात, हाताने चाचपून. पहिल्या दिवशी सातूच्या हंगामापाशी थांबलो. दुसऱ्या दिवशी रूथ सरवा वेचायला निघाली, आणि सासूबाईंचा हात थांबला. म्हणाल्या, सरवा? सरवा मी वेचलाय. नेवाशाकडे, दुष्काळात, आठ-नऊ वर्षांची असेन. गहू कापून गेले की मागे पडलेल्या लोंब्या. मालक बरा असला तर वेचू द्यायचा, नाहीतर कुत्रं सोडायचा. मग त्या अर्धा तास बोलल्या आणि मी एकही ओळ वाचली नाही. लग्नाला अकरा वर्षं झाली, हे त्यांनी मला कधी सांगितलं नव्हतं.

मला झोप येईना. उठून लेवीयाचा 19वा अध्याय काढला, कारण कुठेतरी वाचल्यासारखं वाटत होतं. होतं तिथे: शेताच्या कडा कापू नका, पडलेला सरवा वेचू नका, तो गरिबांसाठी आणि परक्यांसाठी ठेवा. फेब्रुवारीच्या पहिल्या आठवड्यात या ओळीवरून माझा अंगठा गेला होता. शेकडो वर्षांनी एक परकी विधवा त्या एका ओळीवर जगली, आणि मी त्या ओळीला हिरवी खूण करून पुढे गेले होते.

परवा दुपारच्या जेवणाचा भाग आला. शेताचा मालक बवाज रूथला भाजलेलं धान्य देतो. सासूबाई म्हणाल्या, हुरडाच की. ती पोटभर खाते आणि थोडं उरतं. इथे त्यांनी मला अडवलं. ते उरलेलं तिने सासूला नेलं असेल बघ. मी म्हटलं, आई, तुम्हाला माहीत आहे, आधी ऐकलंय तुम्ही. तर म्हणाल्या, नाही गं, आठवत नाही, पण नेईलच ती. चार वचनं पुढे गेल्यावर खरंच रूथ ते काढून नामीला, तिच्या सासूला, देते. मी वाचताना माझाच आवाज जरा बसला. त्यांनी भाजी पुन्हा निवडायला घेतली.

त्या दिवशी ड्युटीला वीस मिनिटं उशीर झाला. बोलणी खाल्ली.

भूक म्हणावी एवढं काही झालेलं नाही. पण काल दुपारी झोपेतून उठले आणि पहिला विचार आला, आज पुढे काय होतं बघू. हे तोंड फिरवून शोधणं असेल तर असेल.

आता खरी अडचण. आज तिसरा अध्याय आहे. खळ्यावरचा, रात्रीचा. रूथ नटूनथटून जाते आणि बवाजाच्या पायांवरचं पांघरूण काढून तिथे निजते. हा अध्याय मी सासूसमोर मोठ्याने कसा वाचू, ते कुणीतरी सांगा. सात वाजता निघायचंय.

श्रीरामपूरचे_मास्तर

बिनधास्त वाचा. तिला खळ्यावर सासूनेच पाठवलं होतं.