मिकायला उल्मर या अमेरिकन पोरीला पैसे लावणारे कसे मिळाले? जवसाच्या सरबताबद्दल विचारायचंय

मांजराकाठ (औसा)
नमस्कार मंडळी, जरा लांबलचक आहे पण वाचा. माझी धाकटी बहीण यंदा बारावी झाली. ती जवस, लिंबू आणि मध घालून सरबत करती, शाळेच्या आनंदनगरीत दर वर्षी तिचंच पातेलं आधी रिकामं व्हायचं. आता म्हणायली बाटलीत भरून विकायचं. कुठंतरी तिनं अमेरिकेतल्या मिकायला उल्मर नावाच्या काळ्या मुलीबद्दल वाचलं, ती पण असंच जवसाचं सरबत विकून मोठी झाली म्हणे, आणि तेव्हापासून घरात दुसरा विषयच नाही. आमचे मामा दोन लाख द्यायला तयार आहेत पण अर्धा हिस्सा मागायलेत. घरचे म्हणतात मामाच आहे, देऊन टाक. मला विचारायचंय की त्या पोरीनं पैसे कसे उभे केले, किती हिस्सा दिला, आणि आपल्याकडं हे जमंल का?

पैठणगेट
दादा, मी या मुलीबद्दल बरंच वाचलंय त्यामुळं सविस्तर लिहितो. जन्म 2004, गाव टेक्सासमधलं ऑस्टिन. चार वर्षांची असताना एकाच आठवड्यात दोनदा मधमाशी चावली, लई घाबरली, तर आईवडलांनी ओरडायचं सोडून तिला मधमाश्यांची माहितीच काढायला लावली. त्याच सुमारास साउथ कॅरोलायनातून पणजीनं 1940 च्या दशकातलं पाककृतीचं पुस्तक पाठवलं, त्यात जवस घातलेलं लिंबू सरबत होतं. पोरीनं त्यात मध घातला आणि घरापुढं टेबल मांडून, लहान पोरांच्या व्यापारी जत्रेत असं विकायला लागली, नफ्यातला काही वाटा मधमाश्या वाचवणाऱ्या संस्थांना द्यायचा हे तेव्हापासूनच. मग तिथल्या एका पिझ्झावाल्यानं विचारलं की बाटलीत भरून देतीस का, आणि तिथून खरा धंदा सुरू झाला.

आता पैशाचं. 2015 ला ती अमेरिकेच्या शार्क टँकवर गेली, म्हणजे टीव्हीवरचा कार्यक्रम, जिथं धंदेवाले श्रीमंत गुंतवणूकदारांकडं हिश्श्याच्या बदल्यात पैसे मागतात. मागितले 60 हजार डॉलर 10 टक्के हिश्श्याला. त्यातल्या डेमंड जॉन या गुंतवणूकदारानं तेवढेच पैसे दिले पण 25 टक्के घेतले. म्हणजे तिच्या हिशोबानं कंपनी 6 लाख डॉलरची होती आणि सौदा ठरला 2 लाख 40 हजारावर. वरवर बघितलं तर तोटाच वाटतो. पण हा जॉन कोण हे बघा, तो पण काळाच, न्यूयॉर्कच्या क्वीन्समधला, घरी टोप्या शिवून सुरुवात केली, आईनं घर गहाण ठेवून 1 लाख डॉलर उभे केले आणि त्यातून फुबू हा कपड्याचा ब्रँड उभा राहिला. दुकानात माल कसा लागतो, ब्रँड कसा चालवतात हे त्याला पाठ. पुढच्या वर्षी होल फूड्स या किराणा दुकानांच्या साखळीच्या 55 दुकानांत तिचं सरबत लागलं, आणि 2017 ला अमेरिकन फुटबॉल खेळणाऱ्या काही खेळाडूंनी मिळून 8 लाख 10 हजार डॉलर घातले. मधेच बी स्वीट हे पहिलं नाव ट्रेडमार्कच्या अडचणीमुळं सोडावं लागलं, मी अँड द बीज असं नवं घेतलं. बहिणीला सांगा, लेबल छापायच्या आधी नाव मोकळं आहे का ते बघून घे.

आणि एक, ती शार्क टँकला गेली तेव्हा माल आधीच दुकानात विकत होता. नुसत्या कल्पनेवर कुणी पैसे दिले नव्हते.

बचतगट_कळंब
दादा, मी गटात चटण्या आणि लाडू करते म्हणून जवसाचं सांगते. जवस खवट फार लवकर होतं, त्यातलं तेलच तसं आहे. दळून ठेवलं की थोड्या दिवसात वास मारतं, अख्खं टिकतं. त्यामुळं दळलेलं जवस बाटलीत घालू देऊ नका, भिजवून किंवा उकळून त्याचा चिकट अर्क काढतात तसं करावं लागंल. आनंदनगरीत दुपारी केलं आणि संध्याकाळी संपलं ते वेगळं, बाटलीतलं दुकानात उन्हाळ्यात राहणार, आपल्याकडचा मे महिना काय सांगायचा! किती दिवस टिकतंय ते लॅबमधून तपासून घ्या, अंदाजानं तारीख छापायची नाही. एफएसएसएआयची, म्हणजे अन्नसुरक्षेची सरकारी नोंदणी आधी करा, छोट्या धंद्याला नोंदणीच पुरते, मोठ्या लायसनची गरज नाही. मध आहे म्हणून एक वर्षाखालच्या लेकराला देऊ नये असं लेबलवर टाका. सूक्ष्म अन्न प्रक्रिया योजनेत मशिनीला 35 टक्के अनुदान ठेवलेलं होतं, 10 लाखापर्यंत. सध्या काय चालू आहे ते तालुका कृषी कार्यालयात जाऊन विचारा, एजंटाच्या नादी लागू नका.

पोरीचं मात्र कौतुक वाटलं. आमच्या गावात जवसाचा पेराच राहिला नाही, जिकडं बघावं तिकडं सोयाबीन. कुणी जवसाला गिऱ्हाईक उभं केलं तर शेतकऱ्याला पण चार ओळी टाकावं वाटंल.

पेटीवाला_जालना
मी मधपेट्या ठेवतो. या सगळ्यात मला त्या पोरीचं मधमाश्यांचं कामच जास्त भावलं, ते नुसतं जाहिरातीला धरलेलं नाही, तिनं त्यासाठी वेगळी संस्था पण काढली. आमच्याकडं कांद्याचं बी घेणारे शेतकरी पेट्या मागतात, कारण माशी नसली तर गोंड्यात बीच भरत नाही. सूर्यफुलाचं पण तसंच, दाणे पोचट राहतात. आणि तेच लोक ऐन फुलोऱ्यात भर सकाळी फवारणी करतात, पेट्याच्या पेट्या रिकाम्या होतात हो. संध्याकाळी फवारा म्हणून सांगून तोंड दुखतं. बहिणीला मध लागणारच आहे तर भेसळीचा स्वस्त मध घेऊ नका, त्यात साखरेचा पाक असतो. जवळच्या पेटीवाल्याशी थेट बोला, आणि तिला एकदा पेट्या बघायला पाठवा. पुण्यात खादी आयोगाचं मधमाशी संशोधन आणि प्रशिक्षण केंद्र आहे, तिथं शिकवतात.

उदगीरचा_सीए
हिश्श्याचं बोलतो, कारण मुख्य प्रश्न तोच आहे. मामाला 50 टक्के दिले आणि उद्या मोठा गुंतवणूकदार आला, त्यानं 25 टक्के मागितले, तर दोघांचा हिस्सा त्या प्रमाणात कमी होऊन बहिणीकडं 37.5 राहतात आणि मामाकडं पण 37.5. रोज पहाटे उठून काम करणारी पोरगी आणि एकदाच पैसे देणारे मामा बरोबरीला! मिकायलानं 25 दिले ते नुसत्या पैशाला नाही, दुकानाची दारं उघडून देणाऱ्या माणसाला दिले. मामा माल विकून देणार आहेत का, गाडी देणार आहेत का? नसतील तर दोन लाख हातउसने म्हणून घ्या, स्टँपवर लिहा, व्याज ठरवा, वर्षभरानं हप्ते. नात्यात लिहायला लाज वाटते पण नंतर लग्नकार्यात तोंड फिरवून बसण्यापेक्षा ते बरं.

अमेरिकेत काळ्या उद्योजकांना व्हेंचर कॅपिटलचा, म्हणजे नव्या कंपन्यांत हिस्सा घेऊन लावतात त्यातला जेमतेम टक्काभर पैसा मिळतो, काही वर्षी त्याहून कमी. म्हणून तिथं त्यांच्यातलेच लोक गुंतवणूकदार व्हायला लागलेत. आर्लन हॅमिल्टन या बाईंना राहायला घर नव्हतं, सॅन फ्रान्सिस्कोच्या विमानतळावर झोपायच्या, डिग्री नाही, ओळख नाही. 2015 ला पहिला चेक मिळाला, बॅकस्टेज कॅपिटल ही गुंतवणूक कंपनी काढली आणि 2018 पर्यंत 100 कंपन्यांत पैसे लावले, त्या पण ज्यांना कुणी दारात उभं करत नव्हतं अशा, बायकांच्या, काळ्या लोकांच्या. हे वाचल्यापासून मला सारखं वाटतं की आपल्या मराठवाड्यात पैसा असलेली माणसं प्लॉट आणि सोन्याच्या पुढं कधी जाणार. दहाजणांनी वीस-वीस हजार घातले तरी अशा एका पोरीचं काम सुरू होतं.

मांजराकाठ
सगळ्यांचे आभार. बहिणीला शेजारी बसवून सगळं वाचून दाखवलं. अख्ख्या जवसाचा अर्क ती आधीपासूनच काढती म्हणे, मलाच माहीत नव्हतं. मामांशी उसनवारीचं बोलायचं ठरलंय, आई बोलणार आहे. सीए साहेब, कागद करताना बहिणीच्या नावानं करायचा का वडलांच्या? ती अठरा पूर्ण आहे.

उदगीरचा_सीए
अठरा पूर्ण आहे तर तिच्याच नावानं. बँक खातं, एफएसएसएआय, उद्यम नोंदणी (छोट्या धंद्याची सरकारी नोंदणी), सगळं तिच्या नावावर काढा. वडलांची सही साक्षीदार म्हणून घ्या.