सतत कादंबऱ्याच हातात येतात, बदल कसा करावा?

तापीकाठ (भुसावळ):
राम राम मंडळी. वाचनालयात एका वेळी दोनच पुस्तकं मिळतात. दोन्ही कादंबऱ्याच उचलल्या जातात. वैचारिक घेतलं की मुदत संपेपर्यंत पन्नास पानांपुढे जात नाही. काय करावं?

वाचनवेडी (अमळनेर):
भाऊ, जोडी लावून घ्या: एक कथात्म, एक माहितीपर, आणि दोन्ही जाड नकोत. इतिहासाचा सहाशे पानी ग्रंथ पहिल्याच फेरीत घेतला की गाडी अडते, कारण नावं-सनावळ्या डोक्यात बसलेल्या नसतात. आधी त्याच काळातलं चरित्र किंवा आत्मचरित्र घ्या. लक्ष्मीबाई टिळकांचं ‘स्मृतिचित्रे’ वाचताना एकोणिसाव्या शतकातलं घर, धर्मांतर, प्लेग सगळं ओघात कळतं. मग समाजसुधारणेवरचं पुस्तक जड जात नाही.

केळीबाग (रावेर):
ताईंचं बरोबर. फक्त चरित्रांतच अडकू नका, तीही शेवटी गोष्टच. माहितीपर पुस्तक कपाटापाशीच तपासा: अनुक्रमणिका, मधलं एखादं प्रकरण, मागची सूची. अनुवाद असेल तर मधली दोन पानं मोठ्याने वाचा; वाक्यात जीभ अडखळली तर ठेवून द्या. विज्ञान आणि अर्थशास्त्रात आवृत्तीचं साल बघाच. ललित निबंधाला ते बंधन नाही, दुर्गाबाई भागवतांचं ‘ऋतुचक्र’ महिन्यागणिक एकेक लेख असं वाचता येतं.

तापीकाठ:
आणि कविता?

वाचनवेडी:
बहिणाबाई घ्या की! आपल्याच लेवा बोलीतल्या. रोज एक, मोठ्याने.