सिलुस्तानीचे मनोरे : अर्धा दिवस कसा वापरावा

पेरू देशातील पुनो शहराहून अर्ध्या दिवसात सिलुस्तानी येथील दगडी दफन-मनोरे पाहून होतात का, या प्रश्नाचे उत्तर होय असे आहे. मात्र या मनोऱ्यांना सरसकट 'इंका थडगी' म्हणण्याबद्दल थोडे लिहिणे मला आवश्यक वाटते. उमायो सरोवराकाठचे हे चुल्पा, म्हणजे दफनाचे मनोरे, उभारण्याची परंपरा मुळात इंकांपूर्वी येथे राहणाऱ्या कोल्ला लोकांची आहे. इंकांनी 15व्या शतकात हा प्रदेश जिंकल्यानंतरही ती चालू राहिली. त्यामुळे ओबडधोबड दगडांचे जुने मनोरे आणि रेखीव घडीव चिऱ्यांचे नंतरचे मनोरे येथे शेजारी शेजारी दिसतात.

सरड्याची आकृती कोरलेला सर्वांत उंच मनोरा सुमारे 12 मीटरचा असून तो वरच्या बाजूला किंचित रुंद होत जातो. त्याची एक बाजू ढासळलेली असल्याने आतली रचना स्पष्ट दिसते, म्हणून तेथे घाई करू नये. चिरे वर चढवण्यासाठी रचलेला उतारही एका मनोऱ्यापाशी शिल्लक आहे, आणि माझ्या मते तोच सर्वाधिक बोलका पुरावा आहे.

या मनोऱ्यांत कुळातील मृतांना गुडघे छातीशी घेतलेल्या स्थितीत ठेवत. खालची लहान दारे पूर्वाभिमुख आहेत. सहली बहुधा दुपारी निघत असल्याने तेव्हा ही दारे सावलीत असतात, तेव्हा शक्य असल्यास सकाळी जावे. ठिकाण सुमारे 3,900 मीटर उंचीवर आहे. पुनोत पोहोचल्याच्या दिवशीच हा चढ चढू नये.