हायडी काबेल घराघरांत पोचली, पण तिची प्लाट भाषा मागेच राहिली

एल्बेकाठ
जर्मनीतल्या हॅम्बुर्गची नटी हायडी काबेल 1932 मध्ये मैत्रिणीला सोबत म्हणून ऑडिशनला गेली आणि निवड हिचीच झाली. ओनझोर्ग थिएटरमधला तिचा शेवटचा प्रयोग 31 डिसेंबर 1998 चा, वय 84. हे थिएटर प्लाट या उत्तर जर्मन भाषेतल्या नाटकांचं. 1954 पासून त्यांची विनोदी नाटकं टीव्हीवर आली आणि बाई देशभर लाडक्या झाल्या. पण टीव्हीवर प्लाट नव्हतीच! दक्षिणेतल्यांना कळावं म्हणून प्रमाण जर्मन, वर हॅम्बुर्गी हेल. नाव तिचं झालं, किंमत भाषेने मोजली.

नाटकवेडी
अजिबात पटलं नाही. त्या मिश्र बोलीला मिसिंग्श म्हणतात, ती टीव्हीवाल्यांनी शोधलेली नाही. प्लाट बोलणारे प्रमाण जर्मन बोलायला गेले की तोंडून जे निघायचं तेच ते. ‘श्टाइन’ (दगड) न म्हणता ‘स्टाइन’ म्हणणारी हॅम्बुर्गची माणसं खरीखुरी होती. जिन्यात उभी राहून सगळ्यांच्या उखाळ्यापाखाळ्या काढणारी, तिने रंगवलेली शेजारीण बघा. हेन्री फालसारखा कसलेला नट समोर असतानाही नजर तिच्यावरून हटत नाही. यात भाषेचा घात कुठे दिसला?

एल्बेकाठ
अभिनयाबद्दल वादच नाही. पण प्लाटमधल्या ‘इक’ (मी) चं ‘इश’ झालं, ‘वाटर’ (पाणी) चं ‘वासर’ झालं, तर उरलं काय? आपल्याकडे मच्छिंद्र कांबळींनी मालवणी पातळ केली नाही, तरी घाटावरचा प्रेक्षक आलाच ना?

कोकणकडा
तुलना थोडी चुकतेय. मालवणी मराठी माणसाला कानावर पडता पडता कळते. दक्षिणेकडच्या बव्हेरियातल्या माणसाला प्लाट तशी कळत नाही. आणि टीव्हीवर काहीही असो, रंगमंचावर प्लाटच चालू राहिली, हे विसरू नका. टीव्हीमुळे ओनझोर्गचं नाव देशभर झालं.

नाटकवेडी
हेच! 2011 मध्ये थिएटर ग्रोसे ब्लाइशेन या रस्त्यावरून मुख्य रेल्वे स्टेशनजवळ बीबरहाऊसमध्ये गेलं, तिथल्या चौकाला तिचंच नाव आहे. तिचा जन्मही ग्रोसे ब्लाइशेनचाच, 1914 चा.

एल्बेकाठ
चौक मिळाला, आनंद आहे. पण इथल्या माझ्या शेजारच्या आजी प्लाट बोलतात, नातवंडांना एक वाक्य येत नाही. काबेलची जुनी नाटकं मात्र ती पोरं आजीबरोबर बसून बघतात. ती प्लाटमध्ये असती, तर त्याच नाटकांतून आजीची भाषा त्यांच्या कानावर पडली असती.