मदत हवी आहे: रोजचा दीड लिटर कोला सोडायचाय, पण दुसऱ्याच दिवशी डोकं ठणकतं

पाऊलवाट

वय २६, वजन ७८ किलो. रोज साधारण दीड लिटर साखरेचा कोला पोटात जातो. दुपारच्या जेवणासोबत एक मोठा ग्लास, चारच्या सुमाराला सगळ्यात जास्त, उरलेला रात्री स्क्रीनसमोर. चहा-कॉफी अजिबात नाही. एकदम बंद करायचा प्रयत्न दोनदा झाला. दोन्ही वेळा दुसऱ्या दिवशी दुपारी डोकं ठणकायला लागलं, चिडचिड झाली, कशात लक्ष लागेना आणि संध्याकाळी बाटली उघडली गेली.

साखर सुटल्यामुळे डोकं दुखतं का? एकदम सोडावं की हळूहळू? त्याऐवजी फळांचा रस, डायेट कोला की साधा सोडा? शिवाय हल्ली थंड लागलं की दात शिवशिवतात, त्याचा याच्याशी संबंध आहे का?

मोजपट्टी

डोकेदुखी साखरेची नाही, कॅफीनची आहे. तुम्ही दिलेली वेळ तंतोतंत जुळते. कॅफीन तुटलं की १२ ते २४ तासांत त्रास सुरू होतो, पहिल्या-दुसऱ्या दिवशी तो सर्वांत जास्त असतो आणि २ ते ९ दिवसांत ओसरतो. थकवा आणणारं अडेनोसिन मेंदूत ज्या जागी जाऊन बसतं, त्या जागा कॅफीन अडवून ठेवतं. रोज अडवल्या की मेंदू तशा जागा वाढवतो. मग कॅफीन आलंच नाही, तर अडेनोसिनला रान मोकळं मिळतं: रक्तवाहिन्या रुंदावतात, डोकं ठणकतं, झोप येत राहते.

आता हिशोब. कोल्यात १०० मिलीला सुमारे १० मिग्रॅ कॅफीन आणि साडेदहा ग्रॅम साखर असते. म्हणजे दीड लिटरमधून १५० मिग्रॅ कॅफीन आणि १६० ग्रॅमच्या आसपास साखर. चहाच्या चमच्याने मोजली तर चाळीस चमचे, साधारण ६४० कॅलरी. जागतिक आरोग्य संघटनेच्या २०१५च्या शिफारशीप्रमाणे, दिवसाला २००० कॅलरी खाणाऱ्याची वरून घातलेली साखर, मध आणि फळांच्या रसातली साखर मिळून ५० ग्रॅमच्या आत असावी, जमल्यास २५च्या. आणि रोज १०० मिग्रॅ कॅफीनची सवयसुद्धा तुटताना डोकं दुखवायला पुरते.

तुम्ही एका बाटलीतल्या तीन गोष्टी एकाच दिवशी सोडताय: साखर, कॅफीन आणि सोड्याची चुरचुर. त्या सुट्या करा. तलफ नेमकी कशाची आहे तेही तपासता येतं. एक दिवस चार वाजता कोल्याऐवजी बिनसाखरेचा चहा घ्या. तासाभरात बरं वाटलं तर ती कॅफीनची होती. दुसऱ्या दिवशी त्याच वेळी गार साधा सोडा प्या. तेवढ्याने भागलं तर घशातल्या चुरचुरीची. दोन्हींनी भागलं नाही, तर बहुधा भूक किंवा गोडाची ओढ.

सोडण्याचे दोन रस्ते आहेत.

हळू रस्ता: दर तीन दिवसांनी २५० मिली कमी. १५०० वरून १२५०, मग १०००, असं करत १८ दिवसांत शून्य. प्रत्येक पायरीला कॅफीन फक्त २५ मिग्रॅने उतरतं, त्यामुळे डोकं सहसा दुखत नाही. कापायला रात्रीपासून सुरुवात करा. कॅफीनचा निम्मा भाग अंगातून जायला साधारण पाच तास लागतात. रात्री दहाला प्यायलेलं पहाटे तीनलाही अर्धं शिल्लक असतं, झोप उथळ होते आणि दुसऱ्या दिवशी चार वाजता तीच झोप कोला मागते. रात्रीचा ग्लास गेला की चारचा आपोआप सैल पडतो. जेवणाचा दुसरा, चारचा सर्वांत शेवटी.

जलद रस्ता: कोला आजच बंद, पण कॅफीन चालू. मोठ्या कपभर कोऱ्या चहात ४० ते ५० मिग्रॅ असतं. सकाळी, दुपारी आणि चारला असे तीन कप घेतले की जवळजवळ तेवढंच कॅफीन मिळतं. मग दर चार दिवसांनी अर्धा कप कमी. चहात दोन-दोन चमचे साखर घातली तर मात्र साखर मागच्या दाराने परत येते.

डोकेदुखीची गोळी घ्यायची वेळ आलीच तर पाकिटावरचे घटक वाचा. काही गोळ्यांत कॅफीनच असतं. डोकं थांबतं आणि सवय तशीच राहते.

गारवा

वरचा हिशोब बरोबर आहे, पण तुमची बाटली दुसऱ्यांदा उघडली ती फक्त डोक्यामुळे असेल असं वाटत नाही. चुरचुरीला लोक फार कमी लेखतात. सोड्यातला कार्बन डायऑक्साइड जिभेवर कार्बोनिक आम्ल बनतो आणि तिखटासारखीच हलकी झोंबणारी जाणीव देतो. साध्या पाण्यात ती नाही, म्हणून ‘पाणी प्या’ हा सल्ला टिकत नाही.

कोल्यात साधा सोडा मिसळून उतरत जा. पहिले चार दिवस तीन भाग कोला, एक भाग सोडा. मग अर्धा-अर्धा, मग एकास तीन, शेवटी नुसता सोडा. यात साखर आणि कॅफीन दोन्ही उतरतात आणि जीभही कमी गोडाला सरावते. दोन-तीन आठवड्यांनी मूळ कोला घशाला चिकट लागायला लागतो.

हे फसतं ते सहसा तीन कारणांनी. पहिलं, दोन्ही द्रव गार नसतात. कोमट पाण्यात वायू कमी विरघळतो, मिसळताच उडून जातो आणि उरतं ते मिळमिळीत गोड पाणी. दोन्ही रात्रभर फ्रीजमध्ये हवेत, ग्लास तिरका धरून आधी सोडा, मग कडेने कोला, आणि चमचा फिरवायचा नाही. दुसरं कारण मोठी बाटली. ती अर्धी झाली की आतल्या रिकाम्या जागेत वायू साठतो आणि दर वेळी झाकण उघडताना निघून जातो. मग ‘वाया जाईल’ म्हणून ती संपवली जाते. दिवसाचा कोला सकाळीच छोट्या, घट्ट झाकणाच्या बाटल्यांत काठोकाठ भरा, बाकीचा घरात ठेवूच नका. तिसरं, पातळ केलंय म्हणून दुप्पट प्यायलं जातं. मोजायचा तो कोला, ग्लास नाही.

सोडा विकत घेताना लेबल बघा. टॉनिक वॉटर दिसायला सोड्यासारखं असलं तरी त्यात साखर असते, बऱ्याचदा १०० मिलीला ८ ग्रॅमच्या आसपास. घरी मशीनवर सोडा करणार असाल तर त्यात फक्त गार पाणी घाला, ४ अंशांच्या जवळपासचं. रस किंवा सरबत आधी घातलं तर फेस उसळून नळीत जातो आणि ती तुंबते. चव नंतर.

पाऊलवाट

हे पटलं. डायेट कोल्यावर उडी मारली तर काम सोपं होत नाही का? आणि रस?

मोजपट्टी

रसाने काही साधत नाही. संत्र्याच्या रसात १०० मिलीला ९-१० ग्रॅम साखर असते, जवळजवळ कोल्याइतकी. फळ खा. चोथ्यामुळे साखर सावकाश शोषली जाते आणि पोट भरल्याची जाणीव होते. पातळ साखरेने ती होतच नाही. म्हणूनच ६४० कॅलरी पिऊनही जेवण तेवढंच जातं.

डायेट मला पूल म्हणून चालतो, मुक्काम म्हणून नाही. साखर त्याच दिवशी शून्य होते, हा खरा फायदा आहे. पण कॅफीन आणि आम्ल तसंच राहतं, गोडाची सवयही. मे २०२३ मध्ये जागतिक आरोग्य संघटनेने वजन आटोक्यात ठेवण्यासाठी साखरेऐवजी वापरल्या जाणाऱ्या अशा गोडव्यांवर विसंबू नये असं सुचवलं (आधीपासून मधुमेह असलेल्यांना ती शिफारस लागू नाही). त्याच वर्षी जुलैत ॲस्पार्टेम (डायेट कोल्यातला गोडवा) ‘कदाचित कर्करोगकारक’ या गटात टाकलं गेलं, आणि त्यावरून जी घबराट झाली ती मात्र अनाठायी आहे. रोजची मर्यादा किलोमागे ४० मिग्रॅ हीच कायम ठेवली आहे. ७८ किलोला ती ३१२० मिग्रॅ होते आणि एका कॅनमध्ये २०० ते ३०० मिग्रॅ असतं. फेनिलकीटोन्युरिया हा आजार असलेल्यांनी मात्र ॲस्पार्टेम टाळायलाच हवं.

दातपडताळणी

दातांचा संबंध सरळ आहे. कोल्याचा सामू, म्हणजे पीएच, २.५च्या आसपास असतो. दाताचं कवच ५.५च्या खाली विरघळायला लागतं. डायेटचंही तेच, कारण फॉस्फोरिक आम्ल दोन्हींत आहे. साखरेच्या कोल्यात वरून जंतूंना साखर मिळते आणि ते त्याचं आणखी आम्ल करतात.

किती प्यायलात यापेक्षा किती वेळ पीत राहिलात हे जास्त महत्त्वाचं. एका घोटानंतर लाळेला तोंड पूर्ववत करायला अर्धा तास किंवा जास्त लागतो. रात्री स्क्रीनसमोर तीन तास घोट-घोट म्हणजे तीन तास दात आम्लात. जोवर सुटत नाही तोवर जेवणासोबत, एका बैठकीत संपवा. नंतर साध्या पाण्याने चूळ भरा आणि लगेच ब्रश करू नका: कवच मऊ झालेलं असतं, ते घासलं जातं. किमान अर्धा तास, शक्यतो तासभर थांबा. फ्लोराइडची पेस्ट वापरा. शिवशिव दोन आठवड्यांत कमी झाली नाही किंवा एकाच दातात असेल तर दाखवून घ्या, ती कीडही असू शकते.

गारवा यांच्या साध्या सोड्याला हरकत नाही, तो कोल्याच्या मानाने फारच सौम्य आहे. पण त्यात लिंबू पिळून दिवसभर पीत राहिलात तर पुन्हा आम्लच.

सायंतारा

धागा इतरही वाचतील म्हणून. मधुमेहासाठी इन्सुलिन किंवा ग्लिमेपिराइड, ग्लिक्लाझाइडसारख्या गोळ्या चालू असतील तर रोजची १६० ग्रॅम साखर स्वतःच्या मनाने एकदम बंद करू नका. डोस त्या साखरेला धरून बसवलेला असू शकतो आणि मग रक्तातली साखर धोकादायक खाली जाते. आधी डॉक्टरांना सांगा. साखर उतरलीच, म्हणजे घाम, थरथर, गोंधळलेपण, तर १५ ग्रॅम साखर लागते, साधारण १५० मिली साधा कोला. तिथे डायेट कोला काहीच कामाचा नाही.

पाऊलवाट, तुम्हाला मधुमेह नाही हे तपासून माहीत आहे का? सतत तहान, वारंवार लघवी, कारणाशिवाय वजन उतरणं यातलं काही असेल तर दीड लिटर ही सवय नसून लक्षणही असू शकतं. उपाशीपोटीची साखर आणि एचबीए१सी (गेल्या दोन-तीन महिन्यांची सरासरी साखर दाखवणारी रक्ततपासणी) करून घ्या.

पाऊलवाट

सतत तहान नाही, वजनही उतरलेलं नाही, पण तपासणी कधीच केलेली नाही. या आठवड्यात करून घेतो. हळू रस्ता धरतो, रात्रीपासून, सोडा मिसळून. चारची तलफ उठली की त्या क्षणी काय करायचं?

गारवा

दोन्ही एकत्र करताना कोल्याचं माप मोजपट्टी यांच्या पायऱ्यांप्रमाणेच धरा. माझं प्रमाण फक्त ग्लासात किती सोडा घालायचा त्यासाठी. तीन दिवसांत दोन पायऱ्या उतरू नका.

चारसाठी साडेतीनलाच तयारी करा. मूठभर शेंगदाणे, उकडलेलं अंडं किंवा दही, असं प्रथिनं असलेलं काहीतरी खा. चारला जागेवरून उठून गार सोड्याचा ग्लास भरा आणि पंधरा-वीस मिनिटं दुसऱ्या कामाला लागा. तलफ लाटेसारखी चढून उतरते. त्यानंतरही कोला हवाच असेल तर त्या दिवसाच्या छोट्या बाटलीतला प्या. एखाद्या दिवशी माप ओलांडलं तर पहिल्या पायरीवर परत जाऊ नका. दुसऱ्या दिवशी त्याच पायरीवर राहा आणि तीन दिवस नव्याने मोजा.