भावाचं तोंड एकच बोट उघडतं, डॉक्टर म्हणतात जागेपणीच नाकातून नळी घालू

वणीचा_मोठाभाऊ

नमस्कार मंडळी. लहान भाऊ, वय ३८. पंधरा-सोळा वर्षं खर्रा (सुपारी-तंबाखूचं घोटलेलं मिश्रण), दिवसाला आठ-दहा पन्न्या, खोटं कशाला सांगू. उजव्या गालात आतून जखम होती, तुकडा तपासला, कॅन्सर निघाला. येत्या गुरुवारी नागपूरला ऑपरेशन आहे. गालाचा भाग, जबड्याचा काठ आणि मानेतल्या गाठी काढणार.

ऑपरेशनची भीती कशीबशी पचवली होती. काल भुलेच्या तपासणीला गेलो. तिथल्या डॉक्टर बाईंनी तोंड उघडायला सांगितलं, दोन बोटं उभी धरून पाहिली, एकच शिरलं. पट्टीने मोजलं, १४ मिलिमीटर. म्हणाल्या, "तुम्हाला आधी झोपवणार नाही. जागे असतानाच नाकातून दुर्बीण घालून श्वासनलिकेत नळी टाकू, मग भूल देऊ." भावाने तिथे मान हलवली. गाडीत बसल्यावर म्हणतो, "दादा, जित्ताच गळ्यात पाइप घालतील, मी नाही येत ना." रात्रभर तेच. आईला तर अजून कॅन्सरचंच सांगितलेलं नाही.

बाकी सगळ्यांना झोपवूनच करतात, मग यालाच का जागेपणी? हॉस्पिटलात सोय कमी आहे म्हणून तर नाही? दुसरीकडे न्यावं का?

पांढरंसोनं

आमच्या काकांच्या वेळी सरळ गळ्याला भोक पाडून नळी घातली होती. दुर्बीणबिर्बीण काही नाही. तुम्हीही तेच सांगून बघा.

भूलवाली_बाई

वणीचे भाऊ, मी भूलतज्ज्ञ आहे. सव्वीस वर्षं झाली, बहुतेक वऱ्हाडातच. म्हणजे खर्र्याने आखडलेली तोंडं हा माझा रोजचाच धंदा म्हणा. (२०१२ मध्ये राज्यात गुटख्यावर बंदी आली तेव्हा वाटलं होतं माझं हे काम कमी होईल. असो.)

पहिलं सांगते, सोय कमी म्हणून नाही. उलट आहे. दुर्बीण आणि ती वापरणारा हात, दोन्ही असलेल्या ठिकाणीच हे सुचवतात. त्या बाईंनी पट्टी काढून मोजलं, यावरूनच मला त्या बऱ्या वाटल्या.

आता झोपवून का नाही. भुलेत स्नायू सैल करणारं इंजेक्शन दिलं की मिनिटाभरात माणसाचा स्वतःचा श्वास थांबतो. एरवी आम्ही तोंड उघडतो, पातं घालून जीभ बाजूला करतो, स्वरयंत्र दिसतं, नळी आत. अर्ध्या मिनिटाचं काम. १४ मिलिमीटरच्या फटीत पातं आणि नळी दोन्ही मावत नाहीत. कॅमेरा लावलेलं नवं पातं आहे, पण त्यालाही तोंडात शिरायला जागा हवीच. मास्कने श्वास देता आला तर ठीक, नाही आला तर छातीत साठलेल्या प्राणवायूवर मोजकी मिनिटं मिळतात. त्या मिनिटांचा जुगार कुणी खेळायचा?

नातेवाईक हमखास विचारतात, "झोपल्यावर तोंड सैल पडेल ना?" दुखण्याने आवळलेला जबडा सैल पडतो. सुपारीने आवळलेला नाही, कारण तिथे गालाच्या आत जाड पट्टे तयार झालेले असतात. झोपलेल्या माणसाची मूठ सुटते, पण भाजून एकमेकांना चिकटलेली बोटं झोपेतही सुटत नाहीत. तसं आहे हे.

म्हणून नळी जागेवर बसेपर्यंत भाऊ स्वतःचा श्वास स्वतः घेत राहणार. तो श्वासच आम्ही राखून ठेवतो.

आता त्याला प्रत्यक्ष काय होईल ते सांगते, तुम्ही त्याला वाचून दाखवा. आधी नाकात थेंब, रक्तवाहिन्या आकसाव्यात म्हणून. लाळ सुकवायचं एक इंजेक्शन, तोंड कोरडं पडेल. मग लिग्नोकेन, दात काढताना देतात तेच औषध. नाकात जेली, घशात फवारा, काही जण वाफेतूनही देतात. कंठाच्या उंचवट्याखाली त्वचेतून एक बारीक सुई जाईल. पिचकारीत हवेचे बुडबुडे आले की आम्हाला कळतं सुई श्वासनलिकेत आहे, मग औषध सोडतो. तेव्हा जोरात खोकला येतो. तो यायलाच हवा, खोकल्यानेच औषध वर-खाली पसरतं. सगळ्यात वाईट क्षण हाच, आणि तो दहा-पंधरा सेकंदांचा. मन शांत राहावं म्हणून शिरेतूनही थोडं औषध देतात, पण हाक मारली की ओ देता येईल इतपतच.

लिग्नोकेनचा हिशेब वजनावर असतो. ब्रिटनच्या डिफिकल्ट एअरवे सोसायटी या भूलतज्ज्ञांच्या संस्थेने जागेपणीच्या नळीसाठी २०२० साली छापलेल्या मार्गदर्शनात किलोमागे ९ मिलिग्रॅम ही वरची हद्द ठेवली आहे, तीही चरबी वगळून धरलेल्या वजनावर. दहा टक्के फवाऱ्याचा एक दाब म्हणजे १० मिलिग्रॅम. हे रुग्ण महिनोन्‌महिने पातळ भातावर असतात, कधीकाळचं ६५ किलो वजन सांगतात आणि काट्यावर ४८ भरतात. म्हणून वजन तोंडी सांगू नका, त्या दिवशी करून घ्या.

नंतरचं काम खरं तर सोपं. पेन्सिलीपेक्षा बारीक दुर्बीण, तिच्यावर नळी आधीच ओवून ठेवलेली. पडद्यावर मला आधी नाकाची गुलाबी बोळ दिसते, मग पानासारखी पडजीभेच्या खालची झडप, तिच्यामागे स्वरयंत्राच्या दोन पांढऱ्या कडा. मी म्हणते, "दादा, मोठा श्वास घ्या." कडा उघडतात, दुर्बीण आत. पुढे श्वासनलिकेची कडी एकामागे एक, आणि टोकाला वाट दुभागते ती जागा. ती दिसली की दुर्बीण तशीच धरून तिच्यावरून नळी सरकवायची. कधी नळीचं टोक स्वरयंत्राच्या कडेला अडतं, मग जोर करायचा नाही. किंचित मागे घेऊन घड्याळाच्या उलट पाव फेरा दिला की बहुतेकदा जाते. मॉनिटरवर कार्बन डायऑक्साइडच्या लाटा उठल्या की भुलेचं औषध. तो झोपला.

एक नक्की सांगा त्याला. नळी आत गेली की आवाज जाईल. ओरडायला जाईल आणि काहीच निघणार नाही. घाबरायचं नाही, नळी बरोबर जागी बसल्याची ती खूण. 'थांबा' म्हणायचा इशारा म्हणून हात दाबायचं आधी ठरवून ठेवा.

आता माझंच सांगते. नवी होते तेव्हाची गोष्ट. सर्जन दारात उभे, यादीत अजून तीन केसेस, मी थेंब टाकून पाच मिनिटंही थांबले नाही. दुर्बीण घातली आणि नाकातून रक्त. पडदा नुसता लाल. रुग्ण खोकतोय, मी चोखून काढतेय, पुसतेय, पुन्हा लाल. दुसरी नाकपुडी बघायचा मोह झाला होता, पण हात थांबवला, ऑक्सिजन लावला, त्या दिवशीची केस रद्द केली. रुग्णाच्या बायकोने मला जे ऐकवलं ते ऐकवण्यासारखंच होतं. तिसऱ्या दिवशी त्याच माणसाला मी पस्तीस मिनिटं नुसती बधिरता दिली आणि दुर्बीण दोन मिनिटांत आत गेली. तेव्हापासून अशा केसला घड्याळ मी बघते, सर्जन नाही.

पांढरंसोनं, तुमच्या काकांचं चुकलं नव्हतं. गळ्याचं भोक हा आमचाही राखीव मार्ग, त्याची तयारी बाजूला मांडलेलीच असते. तोंडाच्या मोठ्या ऑपरेशननंतर सूज येईल म्हणून कधी सर्जन शेवटी तात्पुरतं भोक करतातही, ते त्यांना वेगळं विचारा. पण नाकातून जमत असताना आधीच मान कापायचं कारण नाही. आणि ही युक्ती कालची नाही. १९६७ साली इंग्लंडमध्ये पीटर मर्फी या डॉक्टरांनी पित्तनलिका बघायची दुर्बीण उचलली आणि लहानपणीच्या सांधेवाताने जखडलेल्या रुग्णाला नाकातून नळी घातली. साठेक वर्षं होत आली.

कोणती नाकपुडी चोंदते, घोळणा फुटतो का, रक्त पातळ करणारी गोळी चालू आहे का, एवढं तेवढं डॉक्टरांना सांगा. आणि खर्रा आजपासून बंद. गुरुवारपासून नाही.

एकबोट्या

भाऊ, माझं दोन वर्षांपूर्वी झालं. दुखलं नाही. औषध मात्र कडूजहर, कारल्याचा रस परवडला. मधे असं वाटतं की घसा सुजला, गिळताच येत नाही, आता गुदमरणार. तेव्हा सिस्टर कानाशी म्हणाल्या, "श्वास चालूय बघा, छातीवर हात ठेवा." ठेवला. चालू होता. नंतरचं धूसर आहे.

ओटीतला

मी टेक्निशियन. एकच भर घालतो. सकाळची पहिली केस मागून घ्या. दुर्बीण धुऊन, गळती तपासून, जंतुनाशकात बुडवून पुन्हा तयार करायला वेळ जातो, आणि बऱ्याच ठिकाणी ती एकच असते. जुन्या दुर्बिणीत काचेचे तंतू तुटून पडद्यावर काळे ठिपके दिसतात. आमच्या एका जुन्या जागी ठिपक्यांमधूनच वाट काढायचे साहेब. बाई म्हणाल्या ते खरं, मी शंभरेक तरी पाहिल्या असतील, बधिरता नीट तर दुर्बीण नीट.

वणीचा_मोठाभाऊ

सगळ्यांचे उपकार. बाईंचं उत्तर भावाला दोनदा वाचून दाखवलं. दुसऱ्या वेळी त्यानेच मोबाइल ओढून घेतला, सुईचा भाग पुन्हा वाचला आणि म्हणाला, "पंधरा सेकंद ना? चल."

पहिलीच केस मिळाली. वजन केलं, ५१ भरलं. आम्ही ५८ सांगितलं होतं. साडेआठला आत नेलं. सव्वानवाला त्याच डॉक्टर बाई स्वतः बाहेर येऊन सांगून गेल्या, नळी बसली, झोपलाय. ऑपरेशन दुपारी अडीचपर्यंत चाललं. भोक करावं लागलं नाही, नळी रात्रभर नाकातच ठेवली.

संध्याकाळी आयसीयूत पाच मिनिटं भेटू दिलं. बोलता येत नव्हतं, सिस्टरने पॅड आणि पेन दिलं. आधी लिहिलं, 'लय कडू'. मग पान उलटवून लिहिलं, 'आईला सांगितलं का'.

उद्या सांगतो.